आभाराला बसलेले राज्यपाल

लालबागच्या आमच्या चाळीत मी निषेध करते आणि कुशाबा घाडी आभार मानतो. ही वाटणी कोणी करून दिलेली नाही, आपोआप झाली. नळाला पाणी आलं नाही की लोक माझं दार वाजवतात. पाणी आलं की नारळ फोडायला आणि दोन शब्द बोलायला कुशाबाला बोलावतात. म्हणजे भांडायचं मी आणि नारळ फोडायचा याने. मला याचा राग येत नाही असं कोणी समजू नये. येतो. राग बाजूला ठेवून लिहिणारी मी नाही, तो मांडीवर घेऊनच लिहायला बसले आहे.

कुशाबा मूळचा मालवणकडचा. गिरण्या बंद पडल्या तेव्हा हा जेमतेम पंचविशीतला बदली कामगार होता. पुढे एका पतपेढीत शिपाई म्हणून लागला आणि तिथूनच रिटायर झाला. अंगाने काटकुळा, पण मिशी दोन माणसांना वाटून उरेल एवढी. घरात तो बोलत नाही, कारण घरात बोलायचं खातं त्याच्या बायकोकडे, दुर्गाकडे आहे. दुर्गा बोलायला लागली की खालच्या माळ्यावरचे लोक टीव्हीचा आवाज कमी करतात, कारण टीव्हीपेक्षा ती बरी. त्यामुळे कुशाबाचं सगळं बोलणं आत साठून राहतं आणि कार्यक्रम आला की आभारातून बाहेर पडतं.

त्याला आभाराला लावलं अण्णा सामंतांनी. अण्णा म्हणजे आमच्या चाळीतल्या मोफत वाचनालयाचे अध्यक्ष. तेव्हाही तेच होते, आताही तेच आहेत, आणि पुढे कोण हा प्रश्न विचारला की त्यांना खोकला येतो. तर कधी काळी वाचनालयाच्या वार्षिक कार्यक्रमात आभार मानणारे मास्तर आधीच जेवायला निघून गेले. अण्णांनी मागे वळून पाहिलं तर कुशाबा सतरंजीचं टोक धरून उभा. "अरे कुशाबा, दोन शब्द बोल आणि संपव रे." कुशाबाने सतरंजी सोडली, माइक धरला, आणि तो माइक त्याच्या हातून आजपर्यंत कोणी काढून घेतलेला नाही. घ्यायला कोणी थांबलेलंच नव्हतं.

कारण आभार म्हणजे काय, ते ज्याने आमच्याकडे एक तरी कार्यक्रम पाहिलाय त्याला ठाऊक आहे. निवेदन करणारी मुलगी म्हणते, "आता आभारप्रदर्शनासाठी मी विनंती करते..." एवढं कानावर पडलं की अर्धं सभागृह उभं राहतं. बायका चपला शोधतात. झोपलेली पोरं खांद्यावर जातात. प्रमुख पाहुणे चहाला आत जातात. डेकोरेटरची माणसं तर वाटच बघत असतात. लोखंडी घडीच्या खुर्च्या खाड्खाड् मिटायला लागतात, कारण त्याच खुर्च्या अजून कुणाच्या तरी बारशाला पोचवायच्या असतात. या सगळ्या गदारोळात, लोकांच्या पाठींकडे तोंड करून, कुशाबा आभार मानतो. खुर्च्यांचा आवाज चढला की तो आवाज चढवतो. त्या मिटत जातात, हा मानत जातो.

आणि मानतो तरी कुणाचे! बाकीचे लोक अध्यक्ष, पाहुणे, देणगीदार असे वरून खाली येतात आणि खाली पोचायच्या आत थांबतात. कुशाबा सुरुवातच खालून करतो. रांगोळी काढताना जिची कंबर धरली तिचे. पाहुण्यांची गाडी मागे घेताना ज्याने "येऊ दे, येऊ दे" म्हटलं त्याचे. स्टेज दिसावं म्हणून जिने आपल्या गॅलरीतले ओले कपडे काढून घेतले तिचे. यासाठी तो कार्यक्रमाच्या दिवशी सकाळपासून नुसता हिंडत असतो. हात पाठीमागे, काम काही नाही, बघत फिरायचं. नवख्या माणसाला वाटतं हा कुणाचा तरी खबऱ्या आहे.

मी त्याला एकदा विचारलं होतं, "कुशाबा, ऐकतं कोण हे?"

"खुर्च्या ऐकतात, लतिकाबाय."

"आणि माणसं?"

तो मिशीवरून हात फिरवत म्हणाला, "एकदा तरी बसतील गे. एकदा तरी सगळी माणसं शेवटपर्यंत बसलीत आणि मी आभार मानतोय, असं झालं की मग मी माइक सोडला."

माणसाला काय काय हवं असतं. कुणाला टू बीएचके, कुणाला निवडणुकीचं तिकीट. याला बसलेली माणसं हवी होती.

आणि मग वाचनालयाला पंचाहत्तर वर्षं झाली आणि अण्णांनी थेट राज्यपालांना बोलावलं. मला आधी खोटंच वाटलं. पण होकार आला. आता राज्यपालांची भाषणं मला नवीन नाहीत. बचत गटांचा मेळावा असो, रक्तदान असो, कुठल्या समाजाचा वधू-वर मेळावा असो, मी मागे उभं राहून पुष्कळ ऐकली आहेत. राज्यपाल बदलतात, भाषणाचा बांधा तोच. पहिली दोन वाक्यं मराठीत, त्यावर टाळ्या. मग "मी अजून मराठी शिकतोय," त्यावर आणखी टाळ्या. मग हिंदी. ज्या समाजाचा कार्यक्रम, तो समाज शूर, कष्टाळू आणि देशाच्या जडणघडणीत पुढे. मी इतके समाज पाहिले, पण आळशी समाजाच्या कार्यक्रमाला राज्यपाल गेलेले अजून ऐकले नाहीत. मग तरुणांनी मोबाइल कमी वापरावा, हे सगळे मोबाइलवर रेकॉर्ड करतात. शेवटी शुभेच्छा. पण एक सांगते, कंटाळा आला तरी लोक हलत नाहीत. हलताच येत नाही. राज्यपाल आले की सुरुवातीला राष्ट्रगीत आणि शेवटी राष्ट्रगीत. ते शेवटचं राष्ट्रगीत होऊन राज्यपाल गाडीत बसेपर्यंत एक माणूस जागचा हलायचा नाही, असा कडक रिवाज.

राजभवनातून मिनिट-टू-मिनिट कार्यक्रमाचा कागद आला. अण्णांनी तो कमिटीत मोठ्याने वाचला. स्वागत, दीपप्रज्वलन, मनोगत, राज्यपालांचं भाषण. "त्यानंतर आभारप्रदर्शन, दोन मिनिटं. त्यानंतर राष्ट्रगीत."

कोपऱ्यात बसलेला कुशाबा हळूच म्हणाला, "म्हणजे आभाराच्या वेळी राज्यपाल बसलेलेच?"

"बसलेलेच."

"आणि लोक?"

"राज्यपाल बसलेत म्हटल्यावर लोक उठणार कुठे?"

कुशाबाच्या चेहऱ्याकडे माझं लक्ष गेलं. रिझल्टच्या दिवशी पोरांचे चेहरे असतात तसा झाला होता. पण खोलीतल्या बाकीच्यांचे चेहरेही बदलले होते, आणि ते मला आवडलं नाही. इतकी वर्षं जे काम कुणी पायाने ढकललं नसतं, त्याला एकाएकी भाव आला. राज्यपालांच्या शेजारी उभं राहून, सगळे बसलेले असताना, फोटोग्राफर समोर, दोन मिनिटं!

खजिनदार म्हणाले, "आभार जरा भारदस्त माणसाने मानावेत असं मला वाटतं." म्हणजे त्यांनी. दादरहून येणारे एक डॉक्टर सल्लागार आहेत, ते म्हणाले, "मी इंग्लिशमध्येही मानू शकेन." अण्णा म्हणाले, "आमचे जावई छान बोलतात." जावई राहतात वाशीला. वाचनालयाचा जिना कुठे आहे ते त्यांना माहीत नाही.

कुशाबा चटईचा धागा ओढत बसला. स्वतःसाठी भांडणं या माणसाला येतच नाही. मग मला भांडावं लागलं, आणि मी भांडायला लागले की मला मी आवरत नाही.

"लाज वाटते का रे तुम्हाला?" मी उभीच राहिले. "इतकी वर्षं हा खुर्च्यांशी बोलला तेव्हा तुमचे जावई कुठे होते? खुर्च्यांशी इंग्लिशमध्ये बोलायला नाही आले ते डॉक्टर? आता माणसं बसणार म्हटल्यावर सगळ्यांना कंठ फुटला? अण्णा, नीट ऐका. आभार कुशाबाच मानणार. नाहीतर राज्यपालांची गाडी वळेल त्या कोपऱ्यावर मी काळा झेंडा घेऊन उभी."

"लतिकाबाई, हे ब्लॅकमेल झालं," अण्णा म्हणाले.

"झालंच. लिहून घ्या मिनिट्समध्ये."

खजिनदारांनी खरंच लिहून घेतलं असावं, कारण लगेचच पोलीस ठाण्यातून माझ्या घरी नोटीस आली की कार्यक्रमाच्या दिवशी आपल्याकडून शांतताभंग होण्याची शक्यता आहे. पण आभार कुशाबाला मिळाले.

मग राजभवनातून फोन आला की आभाराच्या भाषणाची प्रत आधी पाठवा. अण्णा घाईघाईने कुशाबाकडे गेले. मी तिथेच होते, दुर्गाकडे चहा पीत होते.

"कुशाबा, तुझं भाषण लिहून दे."

"आत्ता कसं लिहिणार, अण्णा?"

"का? पेन देऊ?"

"पेन आहे. पण अजून कुणी काही केलंच नाही. आभार कसले मानू?"

अण्णांनी कपाळाला हात लावला. "अरे, लोक काय करणार ते माहीत आहे ना आपल्याला? सतरंजी कोण घालणार, हार कोण आणणार..."

"अण्णा, गेल्या वर्षी हार आणणारा ऐन वेळी आलाच नव्हता. आधी लिहिले असते तर फुकट आभार गेले असते त्याला."

अण्णांनी स्वतःच 'सर्व ज्ञात-अज्ञात हातांचे आभार' छापाचं काहीतरी लिहून पाठवून दिलं. दुर्गा मात्र नवऱ्याकडे बघत होती. अण्णा गेल्यावर मला म्हणाली, "ह्येका आजपासून झोप नाय लागाची बघ. माणसा बसतली म्हणतत."

कार्यक्रमाआधीच्या आठवड्यात आमच्या गल्लीला जे सुख लाभलं ते काय सांगू. रस्त्यावर डांबर पडलं. भिंतीला पिवळा रंग आला. गल्लीच्या तोंडाशी गटाराला झाकण नव्हतं. त्यासाठी मी किती अर्ज केले आणि किती जणांच्या टेबलासमोर ओरडले, ते माझा घसा जाणतो. ते झाकण एका दुपारी आलं आणि बसलंसुद्धा. मी त्याच्यावर उभी राहून पाहिलं. हललं नाही. मला इतका संताप आला की मी घरी येऊन भांडी घासली.

कार्यक्रमाच्या दिवशी पटांगणात मांडव. डेकोरेटरने या वेळी लोखंडी खुर्च्या आणल्या नव्हत्या. पांढऱ्या कव्हरच्या, मागे सोनेरी गाठ मारलेल्या, गुबगुबीत. खाली लाल गालिचा. चाललं तर पायाचा आवाज नाही, बसलं तर खुर्चीचा आवाज नाही. त्या खुर्च्या पुढच्या रांगांना पुरल्या. मागे आमच्या चाळकऱ्यांसाठी वाचनालयाच्या जुन्या लोखंडी खुर्च्या लावल्या. मला शेवटून दुसऱ्या रांगेत बसवलं. माझ्या डाव्या अंगाला एक महिला कॉन्स्टेबल आणि तिच्या पलीकडे दुर्गा, नऊवारीत, नाकात नथ.

"मावशी, घोषणा नाही हं द्यायची," कॉन्स्टेबल म्हणाली.

"आज माझा नंबर नाही गं," मी म्हटलं. "आज आभार."

कुशाबा सकाळपासून हिंडत होता, पण त्या दिवशी हिंडायलाही पास लागत होता. गळ्यात पास, अंगात पतपेढीच्या निरोपाला मिळालेला सफारी, मिशीला तेल. प्रत्येक पोलिसाने त्याला थांबवून विचारलं, "काका, काम काय तुमचं?" आणि त्याने प्रत्येकाला सांगितलं, "बघायचं."

राज्यपाल आले. राष्ट्रगीत झालं, दिवा लागला, अण्णांचं मनोगत झालं. मनोगतात अण्णा इतके वाकून बोलले की माइकवाल्या मनूला माइक खाली घ्यावा लागला. मनू आमच्याच चाळीतला, साउंड सिस्टिम भाड्याने देतो. त्याच्या शेजारी राज्यपालांबरोबर आलेला पांढऱ्या गणवेशातला तरुण अधिकारी घड्याळ बघत उभा होता. त्याने मनूला ताकीद दिली होती, मी मान हलवली की राष्ट्रगीताचं बटण दाबायचं. उशीर नको.

मग राज्यपाल बोलायला उठले. माणूस उंच, गोरा, हसरा. पहिली दोन वाक्यं मराठीत. टाळ्या. "मी अजून मराठी शिकतोय." टाळ्या. मग हिंदी. लालबाग शूर, परळ कष्टाळू, आणि देशाच्या जडणघडणीत दोन्ही पुढे. "आजकल के युवा मोबाइल में खोए रहते हैं," म्हणाले, आणि समोर दोनशे मोबाइल उंचावले गेले. पण मी खोटं बोलणार नाही, मध्येच एके ठिकाणी त्यांनी कागद बाजूला ठेवला. म्हणाले, माझ्या गावातही असंच वाचनालय होतं. तिथे पंखा एकच होता, त्यामुळे पंख्याखाली जे पुस्तक असेल तेच सगळे वाचायचे. लोक मनापासून हसले. त्यांनाही गंमत वाटली आणि ते आणखी बोलत गेले. पांढऱ्या गणवेशाची मान घड्याळावर. मला कळेना हसू की रडू, कारण राज्यपाल जितके माणसासारखे बोलत होते तितकी कुशाबाची दोन मिनिटं विरघळत होती.

अखेर ते बसले. निवेदन करणाऱ्या अनुजाने माइक घेतला. "आता आभारप्रदर्शनासाठी मी श्री. कुशाबा घाडी यांना विनंती करते."

सवयीने सगळ्या मांडवाचे गुडघे हलले. पण उठलं कोणी नाही. गुडघे परत जागेवर गेले.

कुशाबा माइकजवळ आला. समोर पाहिलं. एवढी मोठी गर्दी, आणि सगळ्यांची तोंडं त्याच्याकडे. गुबगुबीत खुर्च्या गप्प, गालिचा गप्प. कुणी खोकलं नाही. पोरंसुद्धा बघत होती. वर पंख्याची पाती फिरत होती तेवढंच.

कुशाबाने तोंड उघडलं. मिशी हलली. आवाज आला नाही.

मला वाटलं माइक गेला. मी मनूकडे पाहिलं. मनूने माइकवाल्या बटणावर टिचकी मारली, स्पीकरमधून टक् असा आवाज आला. माइक ठीक होता. कुशाबा गेला होता.

त्याने पुन्हा तोंड उघडलं. हात पाठीमागे घेतले, पुढे घेतले. राज्यपाल त्याच्याकडे बघून प्रेमाने हसले, त्यामुळे तो आणखी घाबरला. खजिनदारांनी अण्णांच्या जावयाकडे पाहिलं. जावयांनी टाय सरळ केला. इकडे पांढऱ्या गणवेशाने मनूकडे वळून मान हलवली. मनूने न पाहिल्यासारखं करून खाली वाकून वायर तपासायला घेतली. अधिकाऱ्याने त्याच्या खांद्यावर बोट ठेवलं.

मला सगळं समजत होतं. या माणसाने आयुष्यभर पाठींना आभार मानलेत. तोंडं समोर आली की बोलायचं कसं, ते त्याला ठाऊकच नाही. आता बटण दाबलं जाणार, सगळे ताठ उभे राहणार, आणि कुशाबाचं आयुष्यातलं एकमेव बसलेलं सभागृह मुक्यानेच संपणार. मी उठायला गेले तर कॉन्स्टेबलने माझ्या मांडीवर हात ठेवला. "मावशी, प्लीज. माझी नोकरी आहे."

तेवढ्यात पलीकडे खाड्कन आवाज झाला.

दुर्गा उठली होती आणि तिने आपली लोखंडी खुर्ची मिटली होती.

"चला गो बायांनू," ती सगळ्या मांडवाला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "माका भात लावचो आसा."

"ओ ताई! बसा, बसा!" कॉन्स्टेबल दबक्या आवाजात ओरडली. "राज्यपाल बसलेत!"

"बसांदेत की. त्येंका कोण उठवता? माझो घोव थय मुको होऊन उभो आसा, ता दिसत नाय तुका?" आणि तिने खुर्ची पुन्हा उघडली आणि पुन्हा मिटली. खाड्.

आमच्या बायका अशा आहेत की त्यांना एकदा सांगावं लागत नाही, अर्धंच सांगावं लागतं. शेजारच्या बाईने खुर्ची मिटली. मग मागची रांग. खाड्, खाड्, खाड्. कुणी चपला घासल्या. कुणी पोराला उगाच "ऊठ रे, घरी चल," म्हणून हलवलं, पोर रडलं. दोन हवालदार धावत आले आणि कुणाला धरायचं ते न कळून मध्येच उभे राहिले. कोणी जात तर नव्हतंच. सगळ्या बायका जागच्या जागी उभं राहून खुर्च्या वाजवत होत्या.

आणि स्पीकरमधून कुशाबाचा आवाज आला. खणखणीत. खुर्च्यांवर चढलेला.

"...तर सर्वप्रथम, आमच्या तिसऱ्या माळ्यावरच्या आकांक्षाच्या बाळाचे आभार! राज्यपाल महोदय बोलत होते तोपर्यंत ते झोपून राहिलं!"

पांढऱ्या गणवेशाचं बोट मनूच्या खांद्यावरच राहिलं, कारण राज्यपालांनी हात वर केला होता. थांबा म्हणून.

"माइकवाल्या मनूचे आभार, वायर नीट असताना तपासत बसला म्हणून! पोलीस बांधवांचे आभार! त्यांनी सकाळपासून पास बघितल्याशिवाय कुणाला मागच्या बाजूला सोडलं नाही, त्यामुळे इतक्या वर्षांत पहिल्यांदा आमच्या संडासाला रांग नव्हती!"

आता मांडव हसायला लागला. हसण्याच्या दोन लाटा येत होत्या. आधी आमची. मग तो अधिकारी राज्यपालांच्या कानाशी वाकून हिंदीत सांगायचा आणि मग राज्यपाल एकटेच हसायचे. त्यांचं हसणं बघून लोक पुन्हा हसायचे.

"गटारावर झाकण बसवणाऱ्यांचे आभार! आणि आमच्या लतिकाबायचे आभार! ती इतकी वर्षं ओरडत होती, म्हणून झाकण कुठे नाही ते त्यांना शोधावं लागलं नाही!"

सगळा मांडव माझ्याकडे वळला. कॉन्स्टेबलने टाळ्या वाजवल्या, मग आठवून थांबली. मी वर पंख्याकडे पाहत राहिले. डोळ्यात कचरा गेला असावा, नवीन मांडवात कापडाची धूळ फार असते.

"आणि राज्यपाल महोदयांचे आभार," कुशाबा म्हणाला. खुर्च्या एव्हाना थांबल्या होत्या, पण आता गाडी सुरू झाली होती. "मी आभाराला उभा राहिलो की पाहुणे गाडीत असतात. आज पहिला पाहुणा भेटला, ज्याच्या तोंडावर आभार मानतोय. म्हणून जरा घसा बसला, माफी असावी. साहेब, तुम्ही येणार म्हणून रस्ता झाला, रंग झाला, झाकण झालं. तर आमची विनंती आहे, तुम्ही दर महिन्याला या. भाषण नाही केलं तरी चालेल."

पहिली लाट आली. अण्णांनी डोळे मिटून घेतले. अधिकारी वाकला, अडखळला, पण त्याने सांगितलं. शेवटच्या वाक्यावर राज्यपालांनी त्याला दुसऱ्यांदा सांगायला लावलं. मग ते इतके हसले की चष्मा काढून पुसला.

कुशाबा शेवटी म्हणाला, "माझी बायको दुर्गा, हिचे आभार. भात लावायचा नव्हता, तरी उठली." आणि माइक स्टँडला लावून खाली उतरला.

मनूने बटण दाबलं. राष्ट्रगीताला उभं राहायला आमच्या मागच्या रांगांना अजिबात वेळ लागला नाही. आम्ही उभ्याच होतो.

दुसऱ्या दिवशी पेपरात तीन कॉलमांची बातमी आली. शूर, कष्टाळू, मोबाइल, सगळं होतं. पंख्याचा किस्सा नव्हता. शेवटचं वाक्य होतं, 'आभारप्रदर्शनाने कार्यक्रमाची सांगता झाली.' मानले कोणी, ते नाही. मी पेपर घेऊन तणतणत कुशाबाकडे गेले. म्हटलं, चल, आत्ताच्या आत्ता पेपरच्या ऑफिसात जाऊ, नाव छापायला लावते.

त्याने चष्मा लावून बातमी वाचली. "आधीच लिहून ठेवली असणार गे," म्हणाला. "मी काय करणार ते त्यांना काय ठाऊक."

"आणि माइक? म्हणाला होतास, एकदा माणसं बसली की सोडणार."

"बसली कुठे? तुम्ही मागच्या उभ्या होतात."

त्यानंतर महिन्याभराने वाचनालयात डोळे तपासणीचं शिबीर झालं. डोळ्यांचे डॉक्टर बोलले, अण्णा बोलले. शेवटी अण्णांनी स्वतः माइकवर जाहीर केलं, "आता कुशाबा आभार मानतील. कृपया कोणीही उठू नये. शांतता राखावी." आता त्याला मान आला होता ना! लोक हात जोडून बसून राहिले. डेकोरेटरची माणसं भिंतीला टेकून शिस्तीत उभी राहिली. डोळ्यात थेंब घातलेली म्हातारी माणसंसुद्धा डोळे मिटून, त्याच्या दिशेला तोंड करून बसली.

कुशाबा उभा राहिला. मिशी हलली. आवाज नाही.

त्याने इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं. दुर्गा त्या दिवशी भायखळ्याला भावाकडे गेली होती. मग तो माइक हातात घेऊनच खाली उतरला, पहिल्या रांगेत अण्णांपाशी आला आणि म्हणाला, "अण्णा, जरा उठा बघू."

अण्णा उठले. कुशाबाने त्यांची खुर्ची एका हाताने मिटली. खाड्.

"हां," तो म्हणाला, आणि सुरू झाला.